ब्रीगेल घडला तो अ‍ॅथलेटिक्समुळे की अ‍ॅथलेटिक्स असूनही?

तिहेरी_उडी

आधी मुद्दा मांडतो, मग तुटून पडा.

पश्चिम जर्मनीचा हान्स-पीटर ब्रीगेल (जन्म ११ ऑक्टोबर १९५५, कैसर्सलाउटर्नजवळचं रोडेनबाख) कुमारवयात अ‍ॅथलीट होता. लांब उडी, तिहेरी उडी, डेकॅथलॉन (दोन दिवसांत दहा प्रकारांची स्पर्धा) हे त्याचे प्रकार. फुटबॉलकडे तो नीट वळला तेव्हा सतराच्या आसपासचा होता. आज त्या वयाची अकादमीतली मुलं दहा वर्षं चेंडूबरोबर काढून व्यावसायिक कराराची वाट बघत असतात. तरीही त्याच्या नावावर काय लागलं ते बघा. कैसर्सलाउटर्नकडून बुंडेसलिगात (जर्मनीच्या अव्वल लीगमध्ये) २४० सामने आणि ४७ गोल, देशाकडून ७२ सामने, १९८० ची युरोपीय अजिंक्यपद स्पर्धा, १९८२ आणि १९८६ अशा लागोपाठ दोन विश्वचषकांचे अंतिम सामने, आणि १९८४-८५ मध्ये हेलास वेरोनाला मिळालेलं इटलीतलं एकमेव लीग विजेतेपद. १९८५ चा जर्मनीतला सर्वोत्तम फुटबॉलपटूही तोच. देशाबाहेर खेळत असताना हा मान मिळवणारा तो पहिला.

माझं म्हणणं असं, की हे सगळं उशिरा सुरुवात होऊनही घडलं असं म्हणणं चूक आहे. ते त्या सुरुवातीमुळेच घडलं. तिहेरी उडीत पहिल्या टप्प्यात ज्या पायावर उसळी घेता त्याच पायावर उतरावं लागतं, आणि उतरताना शरीराच्या वजनाच्या कितीतरी पट भार एका घोट्यावर, एका गुडघ्यावर येतो. अशा पायावर नव्वद मिनिटं माणूस अंगावर घेऊन धावणं सोपं जातं. मोजे खाली, नडगीला गार्ड नाही, अशा अवतारात हा गडी जगातल्या सगळ्यात कसबी आणि निष्ठुर लीगमध्ये उतरला आणि टिकला. दहाव्या वर्षी मुलाला एकाच खेळाला जुंपणाऱ्यांनी याचं उत्तर द्यावं.

डावी_बाजू

उत्तर सोपं आहे. तुम्ही पोचलेला एकच माणूस दाखवताय. त्याच्यासारखेच उडी मारणारे, धावणारे, सतराव्या वर्षी फुटबॉलकडे आलेले आणि जिल्हा पातळीवरच संपलेले किती, ते कोणी मोजत नाही.

आणि वेग म्हणजे फुटबॉल असता तर २०१८ मध्ये ऑस्ट्रेलियातल्या सेंट्रल कोस्ट मरिनर्स क्लबने धावपटू उसेन बोल्टला सोडलं नसतं. सराव सामन्यात दोन गोल करूनही करार झाला नाही.

ब्रीगेलचंच घ्या. कैसर्सलाउटर्नला तो आला आघाडीचा खेळाडू म्हणून आणि प्रशिक्षक एरिश रिबेकच्या काळात मागे, बचावात सरकला. का सरकला असावा? पुढे पाठीवर माणूस असताना चेंडू अर्ध्या मीटरच्या आत थांबवावा लागतो. मागे तोच चेंडू तोंडासमोर येतो आणि पहिला स्पर्श दीड मीटर पुढे गेला तरी लांब टांगांनी गाठता येतो. म्हणजे कमतरता झाकेल अशी जागा त्याला शोधून दिली गेली. श्रेय त्या जागेला द्या, वाळूच्या खड्ड्याला नको.

तिहेरी_उडी

बोल्टचं उदाहरण काढणार हे ठाऊक होतं. बोल्ट तेव्हा ३२ वर्षांचा होता, आणि आयुष्यभर एकच गोष्ट केलेला: सरळ रेषेत धावणं. ब्रीगेल अर्ध्या वयाचा आणि अनेक प्रकार करणारा. डेकॅथलॉनवाला दर मोसमात नवीन तंत्र शिकत असतो, शिकण्याचीच त्याला सवय असते. दोघांना एका पारड्यात घालू नका.

बाकी, कमतरता झाकेल अशी जागा शोधणं यालाच प्रशिक्षण म्हणतात ना?

मैदान_आखणारा

दोघंही ढोबळ बोलताय. अ‍ॅथलीट फुटबॉलमध्ये आला की काय उपयोगी पडतं आणि काय आडवं येतं, ते सुटं करून बघू.

उपयोगी पडतं ते सगळ्यात आधी धावत येऊन मारलेल्या हेडरला. लांब उडीत शेवटून दुसरं पाऊल किंचित लांब पडतं, कंबर खाली जाते, शेवटचं पाऊल आखूड पडतं आणि वेग वर वळतो. लांबच्या खांबाकडे येणाऱ्या क्रॉसवर (बाजूने गोलसमोर टाकलेल्या चेंडूवर) नेमकं हेच लागतं. जागेवर उभा राहून दोन पायांवर उडणारा बचावपटू अशा माणसापुढे उंचीत हरतो. पण गोम अशी की उडीवाला कायम एकाच पायावर उसळतो. उजव्या हाताचा असेल तर बहुधा डाव्या. फुटबॉलमध्ये क्रॉस कुठून येईल ते तुम्ही ठरवत नाही. दुसऱ्या पायाची उसळी शिकवली नाही तर गडी पावलं जुळवण्यात एक ठोका गमावतो आणि चेंडू डोक्यावरून जातो.

आडवं येतं ते थांबणं. शंभर मीटरवाला रेषा ओलांडून वीस-तीस मीटर आरामात मंदावत जातो. फुटबॉलपटूला तीन-चार पावलांत थांबून वळायचं असतं. थांबताना कंबर खाली, पाऊल आखूड, टाच आधी, छाती किंचित मागे. धावपटूला वर्षानुवर्षं उलट शिकवलेलं असतं: कंबर उंच, चवड्यावर, नजर समोर. त्यात बुटाचा फरक. स्प्रिंटच्या बुटाला खिळे फक्त चवड्याखाली, टाच मोकळी. फुटबॉलच्या बुटाला टाचेखालीही स्टड. चवड्यावर धावणारा ओल्या गवतावर वळताना घसरतो, किंवा स्टड रुतून पाय जमिनीत आणि गुडघा फिरलेला, अशी अवस्था होते. लिगामेंट जातं ते तिथं.

आणि नजर. धावपट्टीवर बाजूला बघणं हा दोष. फुटबॉलमध्ये चेंडू येण्याआधी दोनदा मान वळवली नाही तर दोष. माझ्या मते सतराव्या वर्षी आलेल्याला सगळ्यात जड जातं ते हेच. पहिला स्पर्श दोन वर्षांच्या रोजच्या घोकंपट्टीने कामापुरता होतो. मान वळवण्याची सवय तितकी लवकर येत नाही, कारण चेंडूवरून नजर काढायची भीती जात नाही.

ब्रीगेल जिथे जिथे खेळला (डावा बचाव, डावं मधलं मैदान) तिथे बहुतेक वेळ एका बाजूला रेषा असते. अर्ध्याच मैदानाकडे बघावं लागतं. म्हणून उशिरा आलेल्या गड्याला बाजूला ठेवतात, मध्यभागी नाही. डावी_बाजू यांचा जागेचा मुद्दा मला इथपर्यंत पटतो.

फाल्ट्सचा_रोलर

माझं टोपणनाव ब्रीगेलच्याच टोपणनावावरून घेतलंय, तेव्हा पक्षपात गृहीत धरा.

'बाजूला ठेवला' हे वेरोनाला लागू पडत नाही. तिथला प्रशिक्षक ओस्वाल्दो बान्योलीने त्याला मधल्या फळीत खेळवलं. त्या मोसमात लीगमध्ये त्याचे ९ गोल, आघाडीच्या एल्केर लार्सनचे ८. बचावातून आणलेला माणूस, सोळा संघांच्या लीगमध्ये, अख्ख्या संघाने मिळून ३० सामन्यांत ४२ गोल केलेले असताना त्यातले ९ एकटा करतो. ही झाकलेली कमतरता म्हणायची?

हे जमलं कसं ते बघा. तेव्हाच्या इटलीत माणसाला माणूस जोडलेला असायचा. मधल्या फळीतला गडी मागून चाळीस मीटर धावत पेटीत (गोलसमोरच्या पेनल्टीच्या चौकटीत) शिरला की त्याच्या वाट्याच्या खेळाडूने तेवढंच धावायचं. पहिल्या वेळी धावेल, पाचव्या वेळी धावेल, आठव्या वेळी दोन पावलं मागे राहील. ब्रीगेल आठव्या वेळीही तेवढ्याच वेगाने यायचा. डेकॅथलॉनमध्ये पहिल्या दिवसाचा शेवट ४०० मीटरने होतो आणि दुसऱ्या दिवशी पुन्हा हर्डल्सपासून सुरुवात करायची असते. दमल्यावर तंत्र न मोडू देणं हाच त्या प्रकाराचा गाभा.

डावी_बाजू

९ गोल मान्य. पण त्या संघात दी जेन्नारो होता, फान्ना होता. चेंडू नेमका कुठे टाकायचा हे कळणारी माणसं. ब्रीगेल धावत होता, त्याच्या पुढ्यात चेंडू दुसरे टाकत होते. संघाने दोनच सामने गमावले, १९ च गोल खाल्ले. यंत्र चोख होतं, तो त्यातला पिस्टन.

कातेनाच्चो

पिस्टन म्हणा, पण १६ सप्टेंबर १९८४ विसरू नका. मोसमाचा पहिलाच सामना, बेंतेगोदी मैदान, समोर नापोली आणि माराडोनाचं इटलीतल्या लीगमधलं पदार्पण. बान्योलीने माराडोनावर कोणाला लावलं? याच 'पिस्टन'ला. वेरोना ३-१ ने जिंकली आणि पहिला गोल ब्रीगेलचा.

माराडोनाला धरायची रीत तेव्हाचे मार्कर (एकाच माणसाला चिकटून राहणारे खेळाडू) जाणून होते: हाताच्या अंतरावर राहायचं, पाय घालायचा नाही, डाव्या पायाची बाजू बंद करून त्याला उजव्याकडे ढकलायचं, आणि तो चेंडू घ्यायला मागे गेला की आपणही मागे जायचं. सगळ्यांना ठाऊक होतं, जमायचं थोड्यांना. कारण तो पहिल्या दोन पावलांत सुटायचा. सुटल्यावर पुन्हा गाठणारा मार्कर हवा. ब्रीगेलचा धोका पहिल्या दोन पावलांत होता, एवढं उंच, धिप्पाड शरीर तिथे कमी पडणारच. पुढच्या आठ पावलांत मात्र तो भरून काढायचा.

मला कायम पडलेला प्रश्न वेगळाच आहे. १९८६ च्या विश्वचषकाच्या अंतिम सामन्यात, अर्जेंटिनाविरुद्ध, जर्मनीचा प्रशिक्षक बेकेनबाउअरने माराडोनावर सुरुवातीला माटेउसला लावलं. ज्याने इटलीत हे काम आधी केलं होतं, तो डावीकडे उभा.

डावी_बाजू

१९८६ चा विषय तुम्हीच काढलात, बरं झालं. मेक्सिको सिटीतलं अस्तेका मैदान, २९ जून. जर्मनीच्या रुमेनिगे आणि फोलरने ०-२ चं २-२ केलं. काहीच मिनिटांत माराडोनाने मधल्या वर्तुळाजवळून एका स्पर्शात चेंडू सोडला आणि बुरुचागा पळाला. त्याच्यामागे कोण? ब्रीगेल. गाठलं का? नाही. गोलरक्षक शूमाखर पुढे आला, चेंडू त्याच्या बाजूने आत, अर्जेंटिना ३-२.

लांब सरळ धाव, मोकळं मैदान, समोर चेंडू घेऊन पळणारा माणूस. अ‍ॅथलेटिक्सचं भांडवल कामी यायचं तर इथेच यायला हवं होतं. शिवाय बाकीची फळी वर आलेली असताना मागे राहून बुरुचागाला ऑफसाइडमधून (बचावफळीच्या पलीकडे चेंडू घेण्याच्या दोषातून) सोडवणाराही तोच. सतराव्या वर्षी आलेल्याला फळीबरोबर कधी सरकायचं हे रक्तात नसतं, ते असं महागात पडतं.

मैदान_आखणारा

पाठलागाचा हिशेब जरा नीट करू.

चेंडू घेऊन धावणारा मोकळ्या धावेपेक्षा थोडा हळू असतो, बरोबर. पण बुरुचागाने चेंडू पुढे ढकलून ढकलून नेला, म्हणजे त्याचा वेग फारसा पडला नाही. तो धावत सुटलेला होता, ब्रीगेलला वळून वेग घ्यायचा होता. वळून शून्यातून पूर्ण वेग घ्यायला मोठ्या चणीच्या माणसाला तीस मीटर सहज लागतात, आणि तोवर पाठलाग संपत आलेला असतो. एक ३० वर्षांचा, दुसरा २३ वर्षांचा. शिवाय मेक्सिको सिटी २,२०० मीटरहून उंचावर आणि सामना दुपारी बाराला सुरू झालेला. उंचीवर एकटी धाव मंदावत नाही, विरळ हवेत उलट थोडी सोपीच जाते. पण दोन धावांच्या मधली भरपाई मंदावते. ऐंशी मिनिटांनंतर, तेही दोन गोलांची पिछाडी भरून काढण्यासाठी धावल्यावर, पाय कोरडे पडलेले असतात. त्या क्षणी त्याचं कुमारवयातलं शंभर मीटर काढून दाखवण्यात अर्थ नाही.

ऑफसाइडचं मात्र मान्य. फळी सोडून मागे राहिलेला तोच होता. पण तो दोष अ‍ॅथलेटिक्सच्या माथी मारायचा का? तेव्हाचे जर्मन आपापला माणूस धरून खेळायचे आणि मागे याकोब्स स्वीपर (कोणाला न धरता सगळ्यांच्या मागे राहणारा मोकळा बचावपटू). ज्या संघात स्वीपर असतो तिथले बाजूचे बचावपटू एका रेषेत सरकायला शिकलेलेच नसतात. सहाव्या वर्षापासून फुटबॉल खेळलेलाही तिथे मागे राहिला असता. बरोबरी झाल्यावर सगळे तिसऱ्या गोलासाठी वर गेले, घात तिथे झाला.

डावी_बाजू

मग १९८२ चा अंतिम सामना? पहिल्या अर्धात पेटीत ब्रूनो कोंतीला याच ब्रीगेलने पाडलं आणि इटलीला पेनल्टी मिळाली. काब्रिनीने बाहेर मारली म्हणून ती आज कोणाला आठवत नाही. तुम्हीच वर लिहिलंत की धावपटूला थांबता येत नाही. हा घ्या पुरावा.

मैदान_आखणारा

तो धरपकडीचा फाउल होता, थांबता न आल्याचा नव्हे. लहान चणीचा चपळ माणूस अंगाखालून सुटतोय म्हटल्यावर मोठा माणूस हात आणि खांदा घालतो. उंच बचावपटूंचा हा जुना रोग आहे, त्याला धावपट्टी लागत नाही.

फाल्ट्सचा_रोलर

पराभवाच्या दोन रात्री काढल्यात, तर जिंकलेल्या रात्रीचंही मांडा. २२ जून १९८०, रोम, बेल्जियमविरुद्ध अंतिम सामना. ब्रीगेल मधल्या फळीत. जर्मनी १-० ने पुढे. उत्तरार्धात दहाएक मिनिटांनी तो जखमी होऊन बाहेर गेला, कुलमन आला. ७५व्या मिनिटाला बेल्जियमने पेनल्टीवर बरोबरी केली आणि शेवटी ह्रुबेशच्या डोक्याने सामना वाचला. तो गेल्यामुळेच बरोबरी झाली असं म्हणणार नाही. पण त्या संघात शूस्टर आणि हान्सी म्युलर या दोन कलाकारांच्या शेजारी बान्योलीच्याही चार वर्षं आधी जर्मनीचा प्रशिक्षक डेअरवालने त्याला उभं केलं होतं. दोन देशांतले दोन प्रशिक्षक एकाच निष्कर्षाला आले.

क्रॉसबार

एक वेगळं उदाहरण टाकतो, कारण तुम्ही सगळे एकाच माणसावर अडकलाय. जर्मनीचा आघाडीचा खेळाडू युर्गेन क्लिन्समन. लहानपणापासून फुटबॉल, आणि तरुणपणी श्टुटगार्टर किकर्समध्ये असताना त्याने स्प्रिंटच्या प्रशिक्षकाकडे जाऊन वेग वाढवला. म्हणजे क्रम उलटा: आधी चेंडू, मग धावपट्टी. त्याचं पुढे काय झालं ते सांगायला नको. दोन्ही क्रम चालत असतील तर निवड करताना कमी धोक्याचा घ्यावा. चेंडूची ओळख लहानपणी स्वस्तात होते, नंतर महाग पडते. धावण्याचं तंत्र सतराव्या वर्षीही सुधारता येतं.

तिहेरी_उडी

क्लिन्समनचा मुद्दा चांगला आहे आणि तो मला थोडा अडचणीचाही आहे. पण त्यात एक भेद करा. स्प्रिंटच्या प्रशिक्षकाने सुधारतं ते धावण्याचं तंत्र: हाताची फेक, गुडघ्याची उचल, पहिल्या पावलांचा कोन. उड्यांनी वाढत्या वयात घोट्याला आणि टाचेच्या शिरेला येणारा ताठरपणा मागाहून तेवढा भरत नाही. विशीत कोणाला तिहेरी उडीला जुंपलंत तर टाचा आणि नडगी धरून बसेल.

मैदान_आखणारा

मग आता सांगा, आज सोळा-सतराचा उडीवाला मुलगा फुटबॉल खेळायचं म्हणून आला तर करायचं काय? ब्रीगेल हवा म्हणणं सोपं. मी असं करीन.

पहिले सहा आठवडे सामना नाही. आठवड्यात चार दिवस, थांबण्याचं शिक्षण: दहा मीटर धाव, पाच मीटरच्या पट्ट्यात पूर्ण थांबा, सहा वेळा, मध्ये मिनिटभर विश्रांती. दोन आठवड्यांनी पट्टा तीन मीटर. मग थांबून नव्वद अंशात वळण, डावीकडे जितकं तितकंच उजवीकडे. सोबत जांघेच्या आतल्या स्नायूंचं काम, ते धावपटूचे कच्चे असतात. बाजूला आडवं होऊन वरचा पाय बाकावर, कंबर उचलून धरायची, प्रत्येक बाजूला सहा-आठ वेळा. हॅमस्ट्रिंगसाठी गुडघ्यावर बसून पुढे हळूहळू झुकायचं, पाच-पाचचे दोन गट, आठवड्यातून दोनदा. पहिल्याच दिवशी दहा-दहाचे तीन गट केले तर चार दिवस जिना उतरता येणार नाही.

चेंडूसाठी रोज वीस मिनिटं भिंत. भिंतीपासून पाच मीटर, एक स्पर्श थांबवायला, एक मारायला, दहा मिनिटं डावा, दहा उजवा. तिसऱ्या आठवड्यापासून मागे कोणीतरी उभं राहून बोटं दाखवायची, आणि चेंडू परत येण्याआधी मान वळवून आकडा सांगायचा. सुरुवातीला चेंडू सुटतो. सुटू द्यावा, वेग कमी करू नये.

नंतर चार विरुद्ध दोन, आठ मीटरच्या चौकोनात, दोन स्पर्शांची मर्यादा. इथे मुलगा हमखास पळायला बघतो, कारण तेच त्याला येतं. चौकोन मोठा करून त्याची सोय करू नका.

आणि धावणं बंद करू नका. ही सगळ्यात मोठी चूक. फुटबॉलला आला म्हणून फक्त फुटबॉल, मग वर्षभरात त्याची जमेची बाजूच जाते. आठवड्यातून दोनदा तीस मीटरच्या सहा धावा, मध्ये पूर्ण तीन मिनिटं विश्रांती, सामन्याच्या आधीच्या दोन दिवसांत नाही. तिहेरी उडी मात्र थांबवावी. टाचेला दोन्हीकडून मार बसतो.

जागा: बाजूचा बचाव. दोन वर्षांनी मान वळायला लागली तर मधल्या फळीत, बाजूला.

डावी_बाजू

दोन वर्षांनी म्हणजे एकोणीस. आजच्या कुठल्या क्लबला तेवढी कळ आहे? कैसर्सलाउटर्नला १९७५ मध्ये होती, कारण गावाशेजारचा धिप्पाड पोरगा फुकटात मिळत होता आणि अकादमी नावाची गोष्टच आजच्यासारखी नव्हती. म्हणून म्हणतो, हा त्या काळाचा माणूस. माणसाला माणूस धरणारी पद्धत, मागे स्वीपर, गोलरक्षकाला सहकाऱ्याने पायाने दिलेला चेंडू हाताने उचलायची मुभा. दाबात सापडलेला बचावपटू चेंडू मागे देऊन सुटायचा. १९९२ मध्ये तो नियम बदलला आणि दाब सोसून पास देता न येणारा बचावपटू उघडा पडला. ब्रीगेल त्याच्या चार वर्षं आधी, १९८८ मध्ये, सांपदोरियाबरोबर इटलीचा चषक जिंकून निवृत्त झाला. वेळ साधली.

कातेनाच्चो

नियमाचा मुद्दा बिनतोड आहे, पण तो उलटाही फिरतो. आजचा बाजूचा बचावपटू अख्खी बाजू एकटा वरखाली करतो. चाळीस मीटर वर, चाळीस मीटर परत, सामन्यात कित्येकदा. वेरोनात हेच चालू होतं, फक्त तेव्हा त्याला नाव नव्हतं.

डावी_बाजू

वर जाऊन क्रॉस टाकावा लागतो. वेरोनात तो पेटीत शिरून गोल करायचा, क्रॉस फान्ना टाकायचा. धाव तीच, शेवटचा स्पर्श वेगळा. आणि आपला वाद त्या शेवटच्या स्पर्शाचाच आहे.

फाल्ट्सचा_रोलर

मग त्याला आजही मधल्या फळीतच खेळवा, ९ गोल घ्या आणि क्रॉस दुसऱ्या कोणाला तरी टाकू द्या. बान्योलीने तेच केलं होतं.